मूकपटांच्या काळात संकलकाची कारकीर्द कशी घडत असे?

प्रश्न असा आहे की मूकपटांच्या काळात, म्हणजे साधारण १९१० ते १९२९ या वर्षांत, चित्रपट संकलक होण्याची वाट कोणती होती, तो माणूस दिवसभर नेमके काय करत असे, त्या कामात स्त्रिया इतक्या मोठ्या संख्येने कशा होत्या आणि बोलपट आल्यावर या मंडळींचे पुढे काय झाले. त्याला जोडून एक शंकाही विचारली आहे: जुने मूकपट आज पाहताना त्यांतले कट धसमुसळे वाटतात, तर त्या काळच्या संकलकांना काम येत नव्हते असे समजावे का? मी संकलन शिकले ते फिल्मवर. निम्मी कारकीर्द फिल्म कापण्यात आणि उरलेली संगणकासमोर गेली. त्यामुळे या प्रश्नांकडे मी टेबलावर बसून काम करणाऱ्याच्या बाजूने पाहते. उत्तर मुख्यतः हॉलिवूडला धरून देते, कारण तिथल्या कामाच्या पद्धतीच्या आठवणी भरपूर नोंदवल्या गेल्या आहेत. रशियाचा आणि आपल्याकडचा उल्लेख गरजेपुरता येईल.

त्या काळात संकलन हा कोणी ठरवून निवडलेला व्यवसाय नव्हता. त्याचे शिक्षण देणारी संस्था नव्हती, त्यावर क्रमिक पुस्तक नव्हते आणि पडद्यावर नाव येण्याची खात्रीही नव्हती. माणूस फिल्मचे तुकडे जोडायला लागे आणि त्या कंटाळवाण्या मजुरीतून एखाद्याची नजर तयार झाली तर तो संकलक होई. ही मजुरी आणि ही कला वेगळी करून पाहणाऱ्यांशी मी सहमत नाही. मूकपटांच्या संकलकाची नजर त्या मजुरीनेच घडवली, असे माझे मत आहे आणि मार्गारेट बूथ यांच्या कारकिर्दीत ते सर्वांत स्वच्छ दिसते.

बूथबाईंचा जन्म १८९८ मधला, लॉस एंजेलिसचा. त्यांचा थोरला भाऊ एल्मर हा दिग्दर्शक डी. डब्ल्यू. ग्रिफिथ यांच्या लघुपटांतला गाजलेला नट होता. १६ जून १९१५ रोजी टॉड ब्राउनिंग, जे पुढे भयपटांचे दिग्दर्शक म्हणून प्रसिद्ध झाले, ते चालवत असलेली मोटार रूळ लादलेल्या रेल्वेच्या उघड्या वाघिणीवर आदळली आणि त्या अपघातात एल्मर गेला. घरातला कमावता हात गेला. ग्रिफिथ यांनी अंत्यविधीच्या वेळी त्याच्याविषयी भाषण केले आणि नुकतीच शाळा संपवलेल्या त्याच्या बहिणीला आपल्या कंपनीत कामाला घेतले. आपल्या सरकारी भाषेत बोलायचे तर ही अनुकंपा तत्त्वावरची नेमणूक होती. काम होते निगेटिव्ह कापण्याचे आणि जोडण्याचे. या मुलीला चित्रपटाची गोष्ट कळते का, असे कोणी विचारले असण्याचे कारण नाही. हात स्वच्छ असावेत आणि नजर धड असावी एवढीच अपेक्षा असे.

आता हे जोडकाम म्हणजे काय ते जवळून पाहू, कारण बाकी सगळे त्यावर उभे आहे. ३५ मिलिमीटर फिल्मच्या एका फुटात १६ फ्रेम असतात आणि प्रत्येक फ्रेमच्या दोन्ही कडांना चार चार छिद्रे असतात. दोन तुकडे जोडायचे तर एका तुकड्याची फ्रेम संपते त्या रेषेच्या किंचित पुढे फिल्म कापायची, त्या उरलेल्या चिंचोळ्या पट्टीवरचा चित्राचा थर थोडा ओला करून पात्याने खरवडून काढायचा, दुसऱ्या तुकड्याची चकचकीत बाजू पुसून घ्यायची, खरवडलेल्या भागावर ब्रशने सिमेंट लावायचे आणि छिद्रावर छिद्र बसवून काही सेकंद दाबून धरायचे. सिमेंट म्हणजे गोंद नव्हे. तो फिल्मचा पायाच विरघळवणारा द्रव असतो, त्यामुळे दोन तुकडे अक्षरशः एकमेकांत वितळून बसतात. खरवडणे कमी पडले तर जोड प्रोजेक्टरमध्ये सुटतो, जास्त झाले तर फिल्म तिथेच तुटते. त्यातून ती फिल्म नायट्रेटची, म्हणजे ठिणगी मिळाली तर भडकणारी आणि एकदा पेटली की पाण्यालाही न जुमानणारी. प्रोजेक्टरच्या तापलेल्या दिव्यासमोर जोड सुटून फिल्म अडकणे म्हणजे नुसता रसभंग नव्हता. सहज न पेटणारी सेफ्टी फिल्म आल्यावरही निगेटिव्हचे जोड शेवटपर्यंत याच पद्धतीने होत राहिले, त्यामुळे त्या सिमेंटचा वास माझ्या पिढीच्या संकलकांनाही ओळखीचा आहे. नायट्रेटची भीती मात्र आमच्या वाट्याला आली नाही.

पॉझिटिव्ह प्रिंटवर चूक झाली तर दुसरी प्रिंट काढता येते. निगेटिव्हवर प्रत्येक जोड फ्रेम खातो, त्यामुळे एकदा कापलेले पुन्हा जसेच्या तसे जुळत नाही. म्हणून क्रम असा असे: आधी प्रिंटवर चित्रपट कापून ठरवायचा, मग त्या कापलेल्या प्रिंटबरहुकूम निगेटिव्ह कापायची. आता खरी गोम इथे आहे. आज फिल्मच्या कडेला ठरावीक अंतरावर क्रमांक छापलेले असतात आणि प्रिंटवरचा क्रमांक पाहून निगेटिव्हवरची तीच जागा मिनिटभरात सापडते. बूथबाई कामाला लागल्या तेव्हा ही सोय नव्हती. असे क्रमांक पहिले महायुद्ध संपल्यानंतर रुळले. तोपर्यंत निगेटिव्ह नजरेने जुळवावी लागे. एका हातात प्रिंटचा तुकडा, दुसऱ्या हातात निगेटिव्हचे भेंडोळे, मागे उजेड, आणि नटाचा हात किती वर आला आहे, पापणी मिटू लागली आहे की नाही, मागच्या पडद्याची चुणी कुठे आहे हे पाहत एक एक फ्रेम ताडायची. निगेटिव्हवर काळे ते पांढरे आणि पांढरे ते काळे असते, त्यामुळे चेहरा ओळखायलाही सवय लागते. ग्रिफिथ यांच्या चित्रपटांतल्या नटी लिलियन गिश यांचे लांबलचक क्लोज-अप हा सगळ्यांत छळणारा प्रकार होता, कारण चेहरा जवळजवळ हलतच नसे आणि शेकडो फ्रेम एकमेकींसारख्या दिसत. निगेटिव्हवर कुठे टाचणीच्या टोकाएवढा डाग असलाच तर तो आधाराला येई आणि जागा बरोबर सापडल्याची खात्री पटे. पुष्कळदा मुली एकमेकींच्या मदतीला धावत. हे सगळे बूथबाईंनी पुढे स्वतःच सांगितले आहे.

अभिनयातला अर्ध्या सेकंदाचा फरक नुसत्या डोळ्यांनी ओळखायचा, तोही उलट्या काळ्या-पांढऱ्यात, रोज दहा दहा तास, असे दोन-तीन वर्षे केलेल्या माणसाला नटाचा चेहरा दिग्दर्शकापेक्षा जास्त कळू लागला तर त्यात नवल नाही. नट कोणत्या फ्रेमवर विचार करायला लागतो आणि कोणत्या फ्रेमवर नुसता कॅमेऱ्यासमोर उभा राहतो, हे अशा कामातून कळते. आज विद्यार्थ्याला हीच गोष्ट शिकवायला मला बरेच बोलावे लागते.

जोडकामाचा दुसरा भाग प्रेक्षकांकडे जाणाऱ्या प्रिंटांचा होता. मूकपट काळे-पांढरे असत ही समजूत निम्मीच खरी आहे. रात्रीचे प्रसंग निळ्या रंगात, आगीचे लाल, दिव्याच्या उजेडातले पिवळसर अशा रंगात प्रिंट बुडवून काढत. त्यामुळे निगेटिव्हची गुंडाळी पुष्कळदा गोष्टीच्या क्रमाने न लावता रंगाच्या गटांप्रमाणे लावलेली असे. सगळे निळे एका ठिकाणी, सगळे पिवळे दुसऱ्या. छापून, रंगवून, वाळवून झाल्यावर प्रत्येक प्रिंट तुकड्या-तुकड्याने पुन्हा गोष्टीच्या क्रमात जोडावी लागे. शेकडो जोड, आणि जितक्या प्रिंटा तितक्या वेळा. ग्रिफिथ यांच्याकडून निघाल्यावर बूथबाईंनी काही काळ पॅरामाउंटच्या प्रयोगशाळेत हेच काम केले. तिथून त्या लुई बी. मेयर यांच्या लहानशा स्टुडिओत आल्या आणि त्यांची कारकीर्द खऱ्या अर्थाने सुरू झाली.

त्या स्टुडिओत जॉन एम. स्टॉल नावाचे दिग्दर्शक होते. ते एकाच प्रसंगाचे लांबून, मधून, जवळून भरमसाट टेक घेत आणि मग कापण्याच्या खोलीत तासन् तास बसून त्यांतून प्रसंग उभा करत. कॅमेऱ्यात कमी आणि टेबलावर जास्त घडवणाऱ्या अशा दिग्दर्शकाच्या हाताखाली संकलक लवकर तयार होतो, हा माझाही अनुभव आहे. बूथबाई त्यांच्या शेजारी उभ्या राहून पाहत, आणि दिवसाचे काम संपल्यावर टाकून दिलेले टेक घेऊन त्याच प्रसंगाची आपली जुळणी करून पाहत. कोणी सांगितलेले नाही, पगारात धरलेले नाही. एके दिवशी स्टॉल यांना एक प्रसंग मनासारखा जमेना. त्यांनी या मुलीने लावलेली जुळणी पाहिली आणि तीच चित्रपटात घेतली. पुढे त्या त्यांच्या मदतनीस झाल्या, मग संकलक. १९२४ मध्ये मेयर यांची कंपनी विलीन होऊन मेट्रो-गोल्डविन-मेयर उभी राहिली आणि स्टॉल यांच्याबरोबर बूथबाईही तिथे गेल्या. म्हणजे अनुकंपेच्या नोकरीपासून संकलक म्हणून स्वतंत्र काम हातात येईपर्यंत आठ-नऊ वर्षे गेली, आणि त्यांतली बहुतेक जोडकामात. हे प्रमाण त्या काळी नेहमीचेच होते.

त्या काळचा संकलक चित्रपट पाहत कसा होता, हे आता नीट सांगायला हवे, कारण आजच्या वाचकाला त्याची कल्पना करणे अवघड जाते. टेबलावर दोन हँडलची चाके, मध्ये खालून उजेड येणारी काच, एक भिंग, कात्री, आणि शेजारी कपड्याच्या थैलीवर लोंबणारे तुकडे. चित्र हलताना दिसेल असे यंत्र टेबलावर नव्हते. इवान सेरुरिये या जन्माने डच असलेल्या अभियंत्याने १९१७ मध्ये घरी चित्रपट पाहण्यासाठी मुव्हियोला नावाचे यंत्र बनवले होते. पण त्याची किंमत ६०० डॉलर असल्यामुळे ते खपले नाही. १९२४ मध्ये डग्लस फेअरबँक्स यांच्या स्टुडिओतल्या एका संकलकाच्या सुचवणीवरून त्याने ते कापण्याच्या टेबलासाठी बदलले आणि तेव्हापासून संकलकाला भिंगातून हलते चित्र पाहण्याची सोय झाली. त्याआधी फिल्म बोटांतून सरकवत हालचाल मनात पाहायची, कापायचे, जोडायचे, प्रदर्शनाच्या खोलीत जाऊन पडद्यावर पाहायचे आणि परत येऊन दुरुस्त करायचे.

अशा वेळी शॉटची लांबी ठरवायची कशी? एक रीत होती हाताने मापण्याची. नाकाच्या टोकापासून पसरलेल्या हाताच्या बोटांपर्यंत फिल्म धरली की साधारण तीन फूट भरते. तीन फूट म्हणजे ४८ फ्रेम, आणि सेकंदाला १६ फ्रेमचा वेग धरला तर बरोबर तीन सेकंद. म्हणजे संकलकाचा हातच त्याचे घड्याळ होता. दुसरी रीत बूथबाईंनी स्वतःची सांगितली आहे: सैनिकांची कवायत किंवा ज्यात ठेका आहे असे काहीही कापताना त्या मनात एक-दोन-तीन-चार-पाच-सहा असे मोजत आणि त्या मोजणीवर कोन बदलत. तबलजी मनात मात्रा धरून बसतो आणि समेवर येतो, तसेच हे. बाहेर ठेका नसतो, तो आत चालू असतो.

यात एक बारीक गोष्ट आहे आणि ती फारशी कोणी सांगत नाही. कॅमेरा हाताने फिरवला जाई, त्यामुळे चित्रणाचा वेग पक्का नव्हता. चित्रपटगृहातला प्रोजेक्टरही चालवणाऱ्याच्या आणि मालकाच्या मर्जीने हळू-जलद चाले, आणि एक जादा खेळ बसवायचा असेल तर हमखास जलद. म्हणजे आपण तीन सेकंदांचा ठेवलेला शॉट प्रेक्षकाला किती सेकंद दिसेल हे संकलकाला ठाऊक नसे. त्याच्या हातात उरत असे ते फक्त प्रमाण: हा शॉट त्याच्या दुप्पट, तो याच्या निम्मा. वेग कसाही असला तरी हे प्रमाण टिकते. चांगल्या मूकपटांचा ताल चुकीच्या वेगातही पूर्ण मोडत नाही, त्याचे कारण मला यात दिसते.

पाट्यांचा, म्हणजे पडद्यावर मध्येच येणाऱ्या लिखित मजकुराचा, विषयही संकलकाच्याच टेबलावर येई. पात्र बोलायला तोंड उघडते, तेवढ्यात पाटी, मग पुन्हा चेहरा. पण परत बोलणाऱ्याच्या चेहऱ्यावर जायचे की ऐकणाऱ्याच्या, यावर प्रसंगाचा अर्थ फिरे, आणि तो निर्णय लिहिलेल्या पटकथेत क्वचितच असे. पाटी किती वेळ ठेवायची हेही सोपे नव्हते, कारण प्रेक्षकांत हळू वाचणारे आणि भाषा नवी असलेले पुष्कळ असत. शिवाय पाट्या शेवटच्या क्षणापर्यंत बदलत. शहराबाहेरच्या एखाद्या थिएटरात न सांगता खेळ लावायचा, लोक कुठे कंटाळले, कुठे नको तिथे हसले ते पाहायचे आणि मग पाट्या बदलून, प्रसंग मागेपुढे करून चित्रपट पुन्हा उभा करायचा, ही मेट्रोचे निर्मितीप्रमुख इर्व्हिंग थॅलबर्ग यांची आवडती पद्धत होती. मूकपटात ओठांवरचे शब्द ऐकू येत नसल्यामुळे पाटी बदलून खलनायकाला पश्चात्ताप झालेला दाखवणेही शक्य होते. त्या रात्रीनंतरचे काम अर्थातच संकलकाचे.

याच्या जोडीला परदेशी निगेटिव्हचे काम. निगेटिव्हच्या चांगल्या प्रती काढण्याची फिल्म तोपर्यंत निघालेली नव्हती, म्हणून मोठ्या चित्रपटांसाठी दोन कॅमेरे शेजारी-शेजारी लावून दोन निगेटिव्ह तयार करत. एक देशात, दुसरी बहुधा युरोपसाठी. दुसरीत कोन किंचित वेगळा, कधी टेकही वेगळा. चित्रपट दोनदा कापावा लागे, आणि दुसऱ्या वेळी उरलासुरला माल हाती असे.

स्त्रियांच्या संख्येबद्दल आता. नेहमी दिले जाणारे उत्तर असे की बायकांची बोटे नाजूक, त्यांच्यात चिकाटी असते, शिवणकामाची सवय असते, म्हणून त्यांना हे काम जमले. मला हे स्पष्टीकरण पटत नाही. फिल्म जोडण्याच्या खोल्यांत मुली भरल्या गेल्या, कारण ते कारखान्यातले कमी पगाराचे, नाव नसलेले काम मानले जात होते. त्याला कला समजले असते तर तिथे पुरुषांची रांग लागली असती. पण एकदा आत आल्यावर ज्या टिकल्या त्यांना काम इतके येत होते की त्यांना डावलणे दिग्दर्शकांना परवडले नाही. ग्रिफिथ यांचे मोठे चित्रपट जेम्स स्मिथ आणि रोझ स्मिथ या पतिपत्नींनी कापले. अ‍ॅन बॉकन्स या सचिव म्हणून लागल्या, १९१० च्या दशकात सेसिल बी. डिमिल यांच्याबरोबर संकलनाला बसल्या आणि १९५६ पर्यंत त्यांच्याबरोबरच राहिल्या. त्या नसतील तर आपण चित्रपट करणार नाही अशी अट डिमिल करारात घालत. डॉरथी आर्झनर १९१९ मध्ये टंकलेखिका म्हणून आल्या. १९२२ मध्ये रुडॉल्फ व्हॅलेंटिनो यांच्या ‘ब्लड अँड सँड’ या चित्रपटासाठी त्यांनी आधीच कुठेतरी चित्रित झालेल्या बैलांच्या झुंजीचे तुकडे आणि व्हॅलेंटिनो यांचे क्लोज-अप असे गुंफले की त्या प्रसंगाचा खर्च वाचला, आणि १९२७ मध्ये त्या दिग्दर्शक झाल्या. बूथबाईंनाही थॅलबर्ग यांनी दिग्दर्शनाबद्दल विचारले होते असे सांगतात; त्यांनी नको म्हटले.

कामाचा आवाका किती मोठा होऊ शके, याचे टोकाचे उदाहरण म्हणजे १९२५ च्या ‘बेन-हर’ मधली रथांची शर्यत. त्या चित्रणासाठी ४२ कॅमेरे लावले होते आणि सुमारे २ लाख फूट फिल्म खर्ची पडली; लॉइड नोस्लर आणि त्यांच्या मदतनीसांनी त्यांतून ठेवले सुमारे ७५० फूट. हे सगळे मुख्यतः भिंग आणि डोळ्यांच्या बळावर.

रशियात वाट वेगळी होती, पण दार तेच. येलिझावेता स्विलोवा लहान वयातच मॉस्कोतील पाथे कंपनीच्या शाखेत फिल्म पुसायला आणि निवडायला लागल्या. १९२९ मध्ये पती झिगा व्हर्टोव्ह यांच्या ‘मॅन विथ अ मूव्ही कॅमेरा’ मध्ये त्या टेबलावर बसून तुकडे निवडताना, भिंगातून पाहताना, कापताना प्रत्यक्ष दिसतात. मूकपटाचा संकलक कामात असलेला पाहायचा असेल तर त्याहून चांगला पुरावा मला माहीत नाही. एस्फिर शुब या परदेशी चित्रपट सोव्हिएत प्रेक्षकांसाठी नव्याने कापण्याचे काम करत. फ्रिट्झ लांग यांचा ‘डॉक्टर मबूझे’ त्या कापत असताना पुढे प्रसिद्ध दिग्दर्शक झालेले तरुण सर्गेई आयझेनस्टाइन शेजारी बसून शिकत होते. १९२७ मध्ये शुब यांनी झारच्या काळातल्या जुन्या वृत्तचित्रणातून ‘द फॉल ऑफ द रोमानोव्ह डायनेस्टी’ उभा केला, ज्यासाठी त्यांनी सुमारे ६० हजार मीटर फिल्म पाहिली आणि वापरली दीड हजारांच्या आसपास.

आपल्याकडे संकलक हे वेगळे पदच मूकपटांच्या सुरुवातीच्या काळात नव्हते. दादासाहेब फाळके यांनी १९१३ चा ‘राजा हरिश्चंद्र’ केला तेव्हा लंडनहून आणलेला विल्यमसन कॅमेरा त्र्यंबक तेलंग चालवत आणि उरलेली सगळी प्रक्रिया दादरच्या घरातच होई. कच्ची फिल्म छिद्रांशिवाय येत असे. अंधारात यंत्रावर तिला छिद्रे पाडणे, रसायने मिसळणे, फिल्म धुणे आणि जोडणे यांत सरस्वतीबाई फाळके यांचा मोठा वाटा होता, तोही साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक सांभाळून. त्यांना भारतातील पहिल्या संकलक म्हणतात. आजच्या अर्थाने निर्णय कोणाचे होते हे सांगता येण्याजोगे नाही. पण हॉलिवूडमध्ये ज्या खोलीतून बूथबाई आल्या, त्या खोलीतले काम या बाईंनी घरात केले, इतके निश्चित म्हणता येते. भारतीय मूकपटांत एक अडचण आणखी असे: एकाच पाटीवर इंग्रजी, हिंदी, गुजराती, उर्दू असे दोन ते चार भाषांतले मजकूर येत, आणि सगळ्यांना वाचायला वेळ मिळावा म्हणून पाटी लांबे. दर पाटीला प्रसंगाचा वेग तुटणारच.

ऑक्टोबर १९२७ मध्ये ‘द जॅझ सिंगर’ आला आणि हॉलिवूडमधील संकलकांची दोन-तीन वर्षे फार वाईट गेली. आवाज तबकडीवर असे तेव्हा चित्रातली एक फ्रेम काढली तरी पुढचे सगळे ओठ चुकत. म्हणजे कापणे जवळजवळ बंदच. आवाज फिल्मच्या कडेला आला तेव्हा तो आपल्या चित्राच्या सुमारे वीस फ्रेम पुढे छापलेला असे, त्यामुळे एकत्रित प्रिंट कापली की शब्द एकीकडे आणि तोंड दुसरीकडे. चित्र आणि आवाज वेगवेगळ्या फिल्मवर ठेवून दोन्ही एकत्र चालवणारे मुव्हियोला आल्यावर, म्हणजे १९३० च्या आसपास, ही कोंडी फुटली. वेग सेकंदाला २४ फ्रेमवर पक्का झाला आणि संकलकाला प्रथमच आपल्या शॉटची खरी लांबी कळू लागली.

या बदलात बरेच जण मागे पडले, पण ज्यांची नजर जोडकामात घडली होती ते तरले. बूथबाईंनी १९२८ मध्ये अभिनेत्री ग्रेटा गार्बो यांचा ‘द मिस्टीरियस लेडी’ हा मूकपट कापला आणि १९३६ मध्ये त्यांचाच ‘कमील’ हा बोलपट. मधल्या काळात १९३५ च्या ‘म्युटिनी ऑन द बाउंटी’ साठी त्यांना ऑस्करचे नामांकन मिळाले. संकलनाचे ऑस्करच मुळी १९३४ च्या चित्रपटांपासून सुरू झाले, त्यामुळे मूकपटावरील कामासाठी त्या पिढीतल्या कोणालाही ते मिळणे शक्य नव्हते. बॉकन्स यांना १९४० च्या चित्रपटासाठी मिळाले, तेव्हा संकलनाचे ऑस्कर मिळवणाऱ्या त्या पहिल्या स्त्री ठरल्या. पुढे बूथबाई मेट्रोच्या प्रमुख पर्यवेक्षक संकलक झाल्या आणि १९६८ पर्यंत त्या स्टुडिओतून बाहेर पडणारा जवळजवळ प्रत्येक चित्रपट त्यांच्या नजरेखालून गेला. दिग्दर्शक त्यांना वचकून असत. त्यानंतरही निर्माते रे स्टार्क यांच्याकडे त्या ऐंशीच्या दशकापर्यंत काम करत राहिल्या. १९७८ मध्ये त्यांना मानद ऑस्कर देण्यात आले आणि २००२ मध्ये, वयाच्या १०४ व्या वर्षी त्या गेल्या.

आता शेवटची शंका, धसमुसळ्या कटांची. आपण आज जे पाहतो ते बहुतेक वेळा संकलकाने सोडलेले रूप नसते. सेकंदाला १८ फ्रेमने चित्रित झालेला मूकपट २४ ने चालवला की सगळे एक तृतीयांशाने जलद होते. संकलकाने तीन सेकंद ठेवलेला शॉट सव्वादोन सेकंदांत संपतो आणि प्रेक्षकाला कट घाईचा वाटतो. प्रोजेक्टरमध्ये फिल्म तुटली की चालवणारा दोन-चार फ्रेम फेकून जोड मारी, आणि वीस थिएटरे फिरून आलेल्या प्रिंटमध्ये असे झटके भरलेले असत. काही चित्रपट फक्त परदेशी निगेटिव्हमधून वाचले आहेत, म्हणजे दुय्यम टेकमधून. घरगुती प्रदर्शनासाठी १६ आणि साडेनऊ मिलिमीटरवर काढलेल्या संक्षिप्त आवृत्त्यांत तर अख्खे प्रसंग गाळलेले असतात. मूळ पाट्या हरवल्यामुळे नंतर कोणीतरी नव्या घातलेल्या असतात आणि त्यांची लांबी अंदाजाने ठरवलेली असते. ‘राजा हरिश्चंद्र’ चेच पाहा: मूळ ३,७०० फुटांच्या चार रिळांपैकी पहिले आणि शेवटचे तेवढे उरले आहे, आणि तेही १९१३ चे नसून फाळक्यांनी १९१७ मध्ये पुन्हा केलेल्या आवृत्तीचे असावे असे काही अभ्यासक मानतात. त्यावरून त्यांच्या संकलनाचे मूल्यमापन करायला मी तरी धजणार नाही.

म्हणून एखाद्या मूकपटातल्या कटांबद्दल मत बनवण्याआधी प्रत कोणत्या निगेटिव्हवरून आली आहे, ती किती वेगाने चालवली आहे आणि पाट्या मूळच्या आहेत की नव्या, एवढे पाहून घ्यावे; जतन करणाऱ्या संस्था पुनरुज्जीवित आवृत्तीच्या सुरुवातीला हे बहुधा लिहितात. या विषयात नव्याने शिरणाऱ्याने ‘द मिस्टीरियस लेडी’ ची चांगल्या वेगातली प्रत मिळवून आवाज बंद करून पाहावी आणि पाटीनंतर बूथबाई बोलणाऱ्यावर परततात की ऐकणाऱ्यावर, याची वहीत टिपणे काढावीत. पाटी सोडली की त्या कुठे जातात याचा हिशेब मांडला, की गार्बो यांच्या चेहऱ्यावर त्या किती फ्रेम थांबतात तेही आपोआप मोजले जाऊ लागते.